दूध संस्थेचा वाइन दौरा

आमच्या गावच्या दूध संस्थेच्या संचालक मंडळात बायकांसाठी दोन जागा राखीव होत्या. एका जागेवर अध्यक्ष पाटलांची बायको होती, दुसऱ्या जागेवर मी. दोघीही बिनविरोध निवडून आलो होतो, म्हणजे आम्हाला कुणी विचारलंच नव्हतं. अध्यक्षांच्या बायकोला सगळं गाव काकू म्हणायचं, मीही म्हणायची. काकू बैठकीला कधी आल्या नाहीत. त्यांच्या सहीची जागा त्यांच्या घरी भरली जायची.

माझंही तसंच, माझ्या जागी नवऱ्यानं बसायचं ठरलं होतं. पण तो शाळेत शिपाई, बैठकीच्या वेळेला तिथंच अडकलेला. म्हणून पहिल्या बैठकीला मीच गेले आणि एक खुर्ची रिकामी दिसली तिच्यावर बसले. आमच्या बौद्धवाड्यातली बाई त्या खोलीत खुर्चीवर बसलेली कुणी पाहिली नव्हती. बोलायचं थांबून सगळे एकमेकांकडं बघायला लागले. मी उठले नाही. पुढच्या बैठकीला पुन्हा गेले आणि त्याच खुर्चीवर बसले.

त्या साली दुष्काळ पडला. शेजारच्या तलवाड्याच्या बाजूच्या विहिरी दिवाळीतच तळाला गेल्या. जनावरं चारा छावणीत नेऊन बांधली. माझी एक गाय होती, तीही तिथंच. संकलन केंद्रावर दुधाच्या कॅनांची रांग रोज आखूड होत चालली होती. अशात मंडळासमोर अभ्यास दौऱ्याचा विषय आला. प्रशिक्षणाचा निधी मार्चच्या आत वापरला नाही तर परत जातो म्हणे. कागदावर विषय होता ठिबक सिंचन आणि फळप्रक्रिया. प्रत्यक्षात नाशिकला जाऊन वाइनचा कारखाना बघायचा होता. एका दिवसाची सहल, तिकडं फिरवून दाखवायला गाइड आणि शेवटी चव घ्यायला वाइन.

उपाध्यक्ष म्हणाले, "बायांचं काय काम तिथं? लांबचा पल्ला हाय."

मी विचारलं, "दौरा संचालकांचा हाय ना?"

"हाय की."

"मग मी संचालक हाय."

"एकट्या बाईला कसं न्यायचं? उद्या कुणी काय बोललं तर?"

एवढंच कारण असेल तर दुसरी बाई आणते, असं म्हणून मी थेट काकूंच्या घरी गेले. त्या ओसरीवर गहू निवडत बसल्या होत्या. मी पायरीशी उभी राहून म्हणाले, "काकू, दौऱ्याला चला."

"कुठं?"

"नाशिकला. द्राक्षाची दारू कशी करतात ते बघायला."

त्यांनी सूप खाली ठेवलं आणि एवढ्या मोठ्यानं हसल्या की आतून सून बाहेर आली. "आन् तू मला न्यायला आलीस?"

"तुमी न्हाई आलात तर मलाबी नेत न्हाईत."

त्यांनी सूप पुन्हा हातात घेतलं. येतील असं मला वाटलं नव्हतं. पण दौऱ्याच्या दिवशी पहाटे गाडीत चढले तर ड्रायव्हरच्या मागच्या पहिल्याच सीटवर काकू बसलेल्या. मांडीवर शिदोरीचा डबा. अध्यक्ष खाली उभे राहून त्यांना हळू आवाजात काहीतरी समजावत होते, आणि त्या समोरच्या काचेतून रस्ता बघत होत्या. मला पाहिलं तशा त्या सरकल्या आणि म्हणाल्या, "बस."

शेवगाव गेलं, नेवासा गेलं. ऊन वर आल्यावर काकूंनी डबा उघडला आणि धपाटे माझ्या हातावर ठेवले. मागं गप्पा चालल्या होत्या त्या बंद पडल्या. आम्ही खाल्लं. लसणाची चटणी लई तिखट होती, त्यांनी मला दोनदा पाणी दिलं, त्यांच्याच बाटलीतलं.

नाशिक सोडून गाडी एका धरणाच्या बाजूला वळली आणि दोन्ही अंगाला द्राक्षाचे मळे सुरू झाले. तोडणी संपत आलेली, तरी मळे हिरवेगार होते. कारखान्याच्या दारात एक तरुण मुलगी आम्हाला घ्यायला आली. हीच आमची गाइड. ती मराठीत बोलत होती, पण शहरातली मराठी. तिनं आम्हाला आधी मळा दाखवला, मग मोठमोठ्या स्टीलच्या टाक्या, मग जिना उतरून तळघरात नेलं. तिथं इतका गारवा होता की काकूंनी पदर खांद्यावरून ओढून घेतला. लाकडी फळ्यांना भोकं पाडून त्यांत बाटल्या तोंडं खाली करून खोचलेल्या होत्या, भिंतभर.

मुलीनं सांगितलं, ही फसफसणारी वाइन, हिला स्पार्कलिंग म्हणतात. एकदा आंबवलेली वाइन बाटलीत भरतात, त्यात थोडी साखर आणि यीस्ट घालून झाकण घट्ट लावतात. बाटलीतच ती पुन्हा आंबते आणि तिच्यात वायू कोंडून राहतो. मग रोज प्रत्येक बाटली थोडी थोडी फिरवायची, म्हणजे गाळ तोंडाशी येतो. शेवटी तोंड गोठवून झाकण काढलं की गाळ आपोआप बाहेर उडतो.

उपाध्यक्ष मान हलवत होते. मोबाइलवर फोटो काढणारा एक संचालक सगळ्यांच्या पुढं पुढं पळत होता. ठिबकाबद्दल कुणी काही विचारलं नाही.

वर गच्चीवर टेबलं मांडली होती. तिथून सगळं धरण दिसायचं. निळं पाणी पार डोंगराच्या पायथ्यापर्यंत पसरलेलं. काकू कठड्याला धरून उभ्या राहिल्या.

"हे पाणी कशाचं?"

"गोदावरीचं," मुलगी म्हणाली.

"आपलीच गोदावरी?" काकूंनी मला विचारलं.

"आपलीच."

आमच्या इथं, नदीच्या खालच्या अंगाला, त्या दिवसांत गोदावरीच्या कोरड्या पात्रात वाळूचे ट्रॅक्टर चालत होते. काकू पाण्याकडं बघत राहिल्या. "आन् आपल्याकडं निस्ती वाळू," त्या म्हणाल्या. मलाही राग आला होता, पण तो कुणावर काढायचा ते कळत नव्हतं. ती मुलगी बिचारी पगारावर काम करणारी.

टेबलावर उंच, निमुळते ग्लास मांडले होते. मुलगी बाटली घेऊन आली. तिनं ओतायला सुरुवात केली तसे उपाध्यक्ष म्हणाले, "दोन्ही बायांना ज्यूस द्या."

मी काही म्हणायच्या आत काकू म्हणाल्या, "कावून? आमी मेंबर न्हाईत का?"

"वहिनी, ती दारू हाय."

"ठावं हाय मला. तिचीच माहिती घ्याया आलोय ना सगळे?"

अध्यक्षांनी धरणाकडं तोंड फिरवलं. मुलीनं आम्हा दोघींचे ग्लास भरले. बारीक बुडबुडे तळापासून वर धावत होते. मी घोट घेतला. आंबट, थंड, आणि नाकात झिणझिण्या. काकूंना ठसका लागला, डोळ्यांत पाणी आलं, आणि त्या हसत सुटल्या. मीही हसले. पुरुषांनी एक ग्लास घेतला, मग दुसरा, मग काहींनी बाटली विकत घेऊन गाडीत उघडली. आम्ही दोघींनी तो एकच ग्लास संपवला. मला ती चव आवडली नाही. पण संपवला.

गावात पोचून आठवडा झाला नसेल, एक फोटो सगळ्यांच्या मोबाइलवर फिरायला लागला. फोटोत मी होते, तोंड उघडून हसणारी, हातात ग्लास. शेजारी कुणीतरी होतं, पण ते कापून टाकलेलं. फक्त एक कोपर आणि हिरव्या बांगड्या राहिल्या होत्या. खाली लिहिलं होतं, दूध संस्थेच्या संचालिका बघा. काकूंचं नाव कुणाच्या तोंडात नव्हतं. गाडीत बाटल्या रिकाम्या करणाऱ्यांचंही नव्हतं. छावणीत गायीला चारा घालायला गेले की बायका माझ्याकडं बघून आपसात बोलायच्या. आमच्या वस्तीतलीही काही माणसं नाराज झाली. आपल्यातल्या बाईनं नाव राखायला पाहिजे होतं, असं त्यांचं म्हणणं. त्यांना मी म्हणाले, मी चोरून काही केलेलं नाही.

उपाध्यक्षांनी सभा बोलावली. विषय, संस्थेच्या प्रतिष्ठेला बाधा आणल्याबद्दल माझा राजीनामा.

नवरा म्हणाला, "एकदा माफी माग. मिटून जाईल."

"कशाची माफी मागू?"

"मला नोकरी करायची हाय या गावात."

"मग मला इथं राहायचं न्हाई का?"

काकूंकडून काही निरोप येईल असं वाटलं होतं, तो आला नाही. मीही गेले नाही. मला मदत मागायची नव्हती.

सभा संकलन केंद्रापुढच्या मांडवात होती. दुष्काळात माणसांना दुसरं काम नव्हतं, त्यामुळं गर्दी जमलेली. त्या दिवशी पहिल्यांदाच बायकाही आल्या होत्या, तमाशा बघायला का कशाला ते देव जाणे. नवरा कोपऱ्यात उभा होता. उपाध्यक्षांनी ठराव वाचला आणि मला विचारलं, "तुमाला काय बोलायचंय?"

मी उभी राहिले. म्हणाले, "घेतली. एक ग्लास. माफी मागणार न्हाई आन् राजीनामाबी देणार न्हाई. त्या टेबलावर सगळे संचालक बसलेले. ठराव करायचा तर सगळ्यांचा करा. छावणीत जनावरांना पाणी पुरत न्हाई, आन् आपण धरणाच्या काठावर बसून आलो. त्याचा ठराव आधी करा, मग माझा."

मांडवात गलका झाला. "हिला खाली बसवा रे," कुणीतरी ओरडलं. मी बसले नाही.

तेवढ्यात बायकांमधून काकू उठल्या. डोक्यावरचा पदर सारखा करून सरळ पुढं आल्या. व्यासपीठावर त्यांचा नवरा बसला होता, त्याच्याकडं बघितलंही नाही. त्यांनी उजवा हात वर केला, बाही मागं सारली आणि कोपर सगळ्यांना दाखवलं.

"फोटोतलं कोपर हे. माझं. मीबी पेले. माझं नाव ठरावात कावून न्हाई?"

उपाध्यक्ष ठरावाचा कागद चाळायला लागले.

"इचारतेय मी. पाटलाची बाई हाय म्हणून?" मग त्या फोटो काढणाऱ्या संचालकाकडं वळल्या. "तू गाडीत किती पेलास ते सांगू का आता समद्यांम्होरं?"

मागच्या बाजूनं हसू फुटलं. एका म्हाताऱ्या सभासदानं विचारलं, "दुष्काळात दौरा काढलाच कुणी?" मग सगळे एकदम बोलायला लागले, आणि माझा विषय तिथंच बुडाला. अध्यक्षांनी घाईनं चहा सांगितला. ठरावावर मत घेतलंच नाही.

घरी जाताना नवरा म्हणाला, "तू लई बोललीस."

"कमी बोलले," मी म्हणाले.

अध्यक्ष काकूंशी कितीतरी दिवस बोलले नाहीत असं ऐकलं. काकू मात्र त्यानंतर प्रत्येक बैठकीला यायला लागल्या. त्यांचा स्वभाव आहे तसाच होता. मजुरांच्या बायकांना त्या घालूनपाडून बोलायच्या, आणि त्यावरून आमचं भांडणही झालं. त्यांच्या घरी मला चहा ओसरीवरच मिळायचा. एकदा मी तो न पिता उठून आले. पुढच्या वेळेला त्या स्वतःचा कप घेऊन ओसरीवर माझ्याजवळ येऊन बसल्या. आत मात्र बोलावलं नाही. मी ते विसरले नाही आणि त्यांना तसं सांगितलंही.

मंडळाची मुदत संपली तेव्हा राखीव जागेवर उपाध्यक्षांच्या माणसांना दुसरी, न बोलणारी बाई पाहिजे होती. ती त्यांनी शोधली. मी सर्वसाधारण जागेवर अर्ज भरला, उपाध्यक्षांच्या विरोधात. अर्ज घेणारा म्हणाला, "बाई, ही जागा तुमची न्हाई." मी म्हटलं, "जागेवर कुणाचं नाव लिहिलेलं न्हाई, तुमी अर्ज घ्या." मी हरले. उपाध्यक्षांनी हलगी लावून मिरवणूक काढली आणि ती मुद्दाम आमच्या वस्तीवरून नेली. मी दारातच शिलाई मशीनवर कपडे शिवत बसले होते. मिरवणूक जाईपर्यंत मशीन थांबवलं नाही.