काकूंच्या दारातली खोकी

इमारतीतली जुनी बिऱ्हाडं जागेचा चांगला भाव घेऊन एकेक करून निघून गेली, सायकल दुरुस्तीच्या दुकानाच्या जागी कॉफीचं दुकान आलं आणि वरच्या मजल्यांवर कानांत बोंडं घातलेली तरुण मंडळी राहायला आली. तळमजल्यावरच्या काकूंशी बोलायला उरले फक्त काका, आणि ते हुं म्हणण्यापलीकडे जात नसत.

काकूंना तारलं पार्सलवाल्याने. मंडळी दिवसभर कामावर, म्हणून तो सगळ्यांची खोकी काकूंकडे टाकायचा. संध्याकाळी एकेक जण न्यायला यायचा. पण खोकं मुकाट्याने हाती देतील तर त्या काकू कसल्या?

"परत बूट?" त्या तिसऱ्या मजल्यावरच्या दाढीवाल्याला विचारत. "पाय दोनच ना रे तुला?"

"हे पळायचे आहेत, काकू."

"का? कोण मागे लागलंय?"

असं करत करत कुणाचं लग्न कशावरून फिसकटलं इथपर्यंत काकूंची मजल गेली होती.

आणि एके दिवशी जिन्याखाली छोट्या छोट्या दारांचं लोखंडी कपाट उभं राहिलं. पार्सल थेट त्यात, फोनवर आकडा, की झालं काम. संध्याकाळी काकू दारात बसून राहिल्या. मंडळी हात हलवून वर गेली.

काकांनी मात्र मोकळ्या झालेल्या खोलीत ऐसपैस पाय पसरले. "शांत वाटतंय, नाही?"

काकूंनी असं पाहिलं की काकांनी पाय परत जवळ घेतले.

दोन-चार दिवस काकूंना जेवण गोड लागेना. मग त्या उठल्या आणि कपाटाचा एक कप्पा वितीने मोजून आल्या. बुटांचं खोकं मावत होतं, साधी उशी मावली नसती. त्या रात्री त्या दोन घास जास्त जेवल्या.

सकाळी त्या जिन्यातच उभ्या. "इतके बूट ठेवतोस कुठे? चांगलं कपाट घे," दाढीवाल्याला सांगितलं. दुसऱ्या मजल्यावरचीला म्हणाल्या, "एवढ्याशा उशीवर मान आखडणारच, बाई. ऐसपैस गादी घे." समोरच्या जोडप्याला कुंडीऐवजी झोपाळा पटवला. आईचं काडीचंही न ऐकणारी ही मंडळी काकूंचं निमूट ऐकत होती.

पुढच्या आठवड्यात काका बाहेरून आले तर दार उघडेना.

"तिरके होऊन या," पुठ्ठ्यांमागून आवाज आला. "आणि गादीवर बसू नका, लोकांची आहे."

काका पोट आत घेऊन शिरले. मागोमाग दाढीवाला डोकावला. "काकू, माझं कपाट आलं का?"

"आलंय. पण झोपाळ्याच्या मागे आहे, काढायला वेळ लागेल," काकू समाधानाने म्हणाल्या. "टेक तिथेच. आणि हे सांग, इतका वाळलास कशाने?"