वडील हजर, वकील गैरहजर

बोरीवलीला आमच्या चाळीमागे विहीर होती. तिच्याकडे जाणारा बोळ घरमालकाने भिंत घालून बंद केला. आम्ही दावा लावला, हरलो आणि अपिलात गेलो. गिरण्यांच्या संपामुळे वडील घरीच होते, त्यामुळे त्यांनी एकही तारीख चुकवली नाही. वकीलसाहेब मोठे माणूस. त्यांना तारखा चुकवणं शोभत असे.

अखेर आमच्या अपिलाचा पुकारा झाला, तेव्हा मी वडिलांसोबत होतो. वकीलसाहेबांचा पत्ता नव्हता. वडील उभे राहिले.

"तुमचे वकील कुठे आहेत?" न्यायाधीशांनी विचारलं.

"येतील साहेब. तोवर बोळाचं मी सांगतो. रोज मीच जायचो ना तिथून."

"कायद्याचे मुद्दे तुम्हाला मांडता येणार नाहीत."

बरोबरच आहे. विहिरीवर रोज जाणाऱ्याला विहिरीच्या वाटेतलं काय कळणार! आमच्या गैरहजेरीच्या कारणावरून अपील फेटाळलं गेलं. वडील तेव्हाही उभेच होते.

अपील पुन्हा दाखल करून घेण्याचा अर्ज वकीलसाहेबांनी मात्र तत्परतेने तयार केला. त्यात त्या दिवशी ते स्वतः दुसऱ्या कोर्टात कामात होते आणि वडील विषमज्वराने अंथरुणावर.

"अहो, मी तर कोर्टात होतो!" वडील म्हणाले.

"तेच तर कुठे बोलायचं नाही."

वडील सही न करता उठले. दुसरा वकील मिळेपर्यंत मुदत टळली. शेजाऱ्यांनी त्यांना वेड्यात काढलं. आई एवढंच म्हणाली, "चांगल्या माणसाक आजारी कित्याक म्हणूचा?" आणि कळशी उचलून लांबच्या नळावर गेली.