आई, दार धरून ठेव

आजचं तुम्हाला सांगितल्याशिवाय राहवत नाही.

आज ऑफिसमधून दुपारीच सुटले. नाहूरला घरी आले तर सगळं चिडीचूप. माझी पोरगी रिया दहावीत आहे. हल्ली कुणाशी धड बोलत नाही, कायम कानात तो उदास शब्दांचा रॅप.

तेवढ्यात माझ्या साड्यांच्या कपाटातून तिचा आवाज आला. "मी नसले तरी कुणाला कळणार नाही."

धावत जाऊन दार ओढलं.

आत साड्यांच्या मधोमध घामाघूम रिया, तोंडासमोर मोबाईल. "काय यार आई, टेक घालवलास ना."

साड्यांमुळे आवाज घुमत नाही म्हणे. ती आणि तिच्या मैत्रिणी आपापल्या घरी कपाटात बसून रॅप रेकॉर्ड करतात.

मी तिथेच फरशीवर बसले. सरळ विचारलं, "तुला खरंच असं वाटतं का गं?"

"शाळेत वाटतं कधीकधी. बोलून टाकलं की हलकं वाटतं." मग म्हणाली, "पूर्ण ऐक ना. गाण्यात शेवटी मी घरी येते."

कपाटाचं दार आपोआप उघडतं, म्हणून टेक संपेपर्यंत मी ते बाहेरून दाबून उभी राहिले.

वर्षभर मी तिच्याशी खोलीचं दार उघडं ठेव म्हणून भांडतेय. आज मीच दार बंद धरलं, आणि पोरगी पहिल्यांदा नीट ऐकू आली.

तुमची पोरं कुठे बसून बोलतात, माहितीये तुम्हाला?