नारिंगी जॅकेट खकनारला गेलं

माझा आवाज मोठा आहे. जन्मतःच होता, आमच्या इतवारा पेठेतल्या गणपतीपुढच्या नाटकांनी तो आणखी वाढवला. मी शाळेत भूगोल शिकवतो. पण काही वर्षांपूर्वी आपत्तीच्या प्रशिक्षणाला भोपाळला कोणाला तरी पाठवायचं होतं, तेव्हा "हे सर ओरडतात चांगले" एवढ्या गुणावर माझं नाव गेलं. तेव्हापासून वर्षातून दोन-तीनदा मी दमकलवाले, म्हणजे आगीच्या बंबाची माणसं, पोलीस, होमगार्ड आणि दवाखान्याची माणसं एका सभागृहात बसवतो आणि मोठा अपघात झाला तर चार खात्यांनी एकाच्या हुकमात काम कसं करायचं, ते शिकवतो.

शिकवायचं म्हणजे एकच गोष्ट. जागेवर जो पहिला पोहोचला तो प्रमुख, मग तो शिपाई का असेना. नारिंगी जॅकेट त्याच्या अंगावर. त्याच्याहून मोठा साहेब आला आणि त्याला सूत्रं हवी असली, तर समोरासमोर, मोठ्याने बोलायचं. एकाने म्हणायचं "ताबा देतो", दुसऱ्याने "ताबा घेतला". सगळे माना डोलावतात, वहीत लिहून घेतात आणि मग दारातून कोणी साहेब आत आला की पन्नास खुर्च्या एकदम मागे सरकतात.

तर गेल्या खेपेचा तिसरा दिवस, म्हणजे सरावाचा. दापोऱ्याजवळ केळीच्या शेतात बस उलटली आहे असं धरायचं. बारा जखमी. बस एका वर्कशॉपमधून आणवली होती, जखमी मी स्वतः गोळा केले होते. प्रत्येकाच्या गळ्यात चिठ्ठी, चिठ्ठीवर दुखापत. सकाळी सात वाजता सातव्या जखमीचा फोन आला, घरी पाहुणे आले म्हणून. मी बायकोकडे बघितलं.

"अजिबात नाही," ती म्हणाली.

"अगं, नुसतं पडून राहायचं आहे. बेशुद्ध आहेस तू. एक शब्द बोलायचा नाही."

"म्हणजे मला जमणार नाही असंच वाटतंय ना तुम्हाला?"

एवढ्यावर ती तयार झाली. तिला साखरेचा आजार आहे, रोज इन्सुलिन घेते. आठला तिने इंजेक्शन घेतलं आणि मी घाई केली म्हणून वाटीभर पोह्यांवर उठली. मी शब्द दिला होता, नऊला सराव सुरू, साडेदहाला तुझ्या हातात जेवणाचं ताट. तिच्या पर्समध्ये लिमलेटच्या गोळ्या कायम असतात. ती पर्स मीच काढून घेतली, कारण जखमींजवळ सामान नको हा माझाच नियम. इतर अकरा जणांच्या फोनांबरोबर ती मांडवातल्या पेटीत गेली.

नऊ वाजले. साडेनऊ वाजले. कळलं की एक मान्यवर सरावाचं उद्घाटन करणार आहेत आणि ते निघाले आहेत.

आमच्याकडे "निघाले आहेत" याचा अर्थ आंघोळीला गेले आहेत असाही होतो. मी मांडवापासून बांधापर्यंत आणि बांधापासून मांडवापर्यंत येरझाऱ्या घालत होतो. दहा. साडेदहा. मी बांधावर जाऊन खाली वाकलो. बायको केळीच्या दोन खुंटांमध्ये आडवी होती, डोळे मिटलेले.

"ठीक आहेस ना?"

तिने एक डोळा उघडला. "बेशुद्ध माणसाला विचारतात का? जा, नाटक मोडू नका."

"काहीतरी खाऊन घे."

"आणा मग."

सभोवार नजर पोहोचेल तिथवर केळी. ताप्तीच्या काठापर्यंत घडच घड, आणि खायला एक केळं नाही. सगळी हिरवी, दगडासारखी. पिकायची ती दूर कुठल्या तरी गावात जाऊन पिकतात. मी मांडवात गेलो. पर्सच्या पेटीला कुलूप होतं आणि किल्लीवाला शिपाई पाहुण्यांना आणायला गेला होता. टेबलावर बिस्किटांच्या पुड्यांचा मनोरा रचला होता आणि शेजारी कचेरीतले बाबू बसले होते.

"बाबूजी, एक पुडा द्या."

"सर, पाहुण्यांच्या आधी पुडा फोडायचा नाही. मनोरा बिघडतो."

"पेशंटला हवाय."

"नकली पेशंटला?" बाबू मनापासून हसले.

दोन दिवस हुकमाची शिस्त शिकवणारा मी. टेबलावरून एक पुडा उचलायला किती वेळ लागतो? पण कोपऱ्यात बाबूंच्या कचेरीचे उपअधिकारी उभे होते, सगळा कार्यक्रम त्यांच्याच हाताखाली, माझ्याकडेच बघत होते, आणि मी हात मागे घेतला. हे लिहिताना अजून कानशिलं तापतात.

साडेअकराला गाड्या आल्या. नारळ फुटला, हार पडला. मग उपअधिकाऱ्यांचा चेहरा पडला, कारण शाल कचेरीतच राहिली होती. नजर इकडेतिकडे फिरली आणि टेबलावर थांबली. तिथे कोऱ्या प्लॅस्टिकमध्ये माझं नारिंगी जॅकेट होतं. चकाकणाऱ्या पट्ट्या, पाठीवर मोठ्या अक्षरांत "घटना प्रमुख". शालीहून दिमाखदार! मी "अहो, ते..." एवढंच म्हणालो, तोवर उपअधिकाऱ्यांनी ते पाहुण्यांच्या खांद्यावर पांघरलंसुद्धा. पाहुणे खूश. हात बाह्यांत घातले, चेन ओढली, चारी बाजूंनी फोटो काढून घेतले. मग "आम्हाला खकनारला पुढचा कार्यक्रम आहे" म्हणाले आणि जॅकेटसकट गाडीत बसून गेले.

बिस्किटांचा मनोरा जसाच्या तसा राहिला. पाहुण्यांनी काही खाल्लं नाही, म्हणून बाबूही तो फोडायला तयार नव्हते.

मी शिट्टी वाजवली. सराव सुरू.

पोलिसांनी दोरी बांधली. दमकल आली आणि शेतातल्या अरुंद रस्त्यावर आडवी उभी राहिली. तिच्या मागे अँब्युलन्स अडकली. दवाखान्याची माणसं स्ट्रेचर घेऊन दोरीपाशी थांबली, कारण आत सोडायचा हुकूम कोणी द्यायचा? "जॅकेटवाले साहेब कुठे आहेत?" "खकनारला." "मग येऊ द्या." पहिला पोहोचेल तो प्रमुख, हे वाक्य सगळ्यांच्या वहीत होतं. वही सगळ्यांच्या खिशात होती. मी परीक्षक, मला मध्ये पडायची बंदी. मी पाय आपटत घड्याळ बघत होतो. बारा वाजून दहा.

तेव्हा बायकोच्या डाव्या हाताकडे लक्ष गेलं. साखर उतरली की ती त्या हाताने साडीची निरी चिमटीत धरते आणि सोडते, धरते आणि सोडते. वीस वर्षं हे मी घरात पाहिलंय. आता बोटं तसंच करत होती. मग थांबली.

सरावात खरोखर काही झालं तर तीनदा "खरं" ओरडायचं, असा नियम आहे. मी ओरडलो. "खरं! खरं! खरं!"

लोकांनी टाळ्या वाजवल्या.

दोष त्यांचा नव्हता. दोन दिवसांत हे ओरडून दाखवायचं प्रात्यक्षिक मी पाच वेळा केलं होतं. गुडघे टेकून, केस विस्कटून, चौथ्या वेळी तर डोळ्यांत पाणी आणून. सभागृहाने दाद दिली होती आणि मी वाकून ती घेतलीही होती. आता मी खरोखर गुडघ्यांवर होतो आणि दोरीपलीकडून एक हवालदार शेजाऱ्याला म्हणत होता, "सर क्या रोता है यार, एकदम असली!"

"अरे, माझी बायको आहे ती!"

"वा!" तो म्हणाला.

होमगार्डमधली एक बाई तेवढी टाळ्या वाजवत नव्हती. दापोऱ्याचीच. एरवी ती केळी काढणाऱ्या टोळीची मुकादम असते. ट्रकमध्ये घड चढवताना तिथे एकट्या तिचाच आवाज चालतो, दोन आवाज झाले की घड चेंगरतात. तिने माझ्याकडे बघितलंही नाही. दोरीखालून वाकून आत आली आणि बायकोच्या मानेला हात लावला.

"गार पडली ही माय. ओलीचिंब." मग माझ्याकडे वळून, "सर, तुमचं रडणं मी दोन दिवस पाहिलं. पण घाम खोटा येत नाही. काय झालंय हिला?"

"साखर. इन्सुलिन घेतलंय, पोटात काही नाही."

ती बांधावर चढली. जॅकेट नाही, टोपीसुद्धा वाकडी झालेली.

"ओ! ऐका सगळे! आता ताबा माझा. पेशंट खरा आहे. दमकल मागं घे!"

दमकलचा ड्रायव्हर खिडकीतून म्हणाला, "ताई, हमारे साहब का हुकूम नाही, कशी हलवू?"

"तुझे साहेब खकनारच्या गाडीमागं गेले. गाडी इथं आहे आणि तू इथं आहेस. घे मागं, नाहीतर उतर, मी घेते."

दमकल मागे गेली, केळीच्या चार झाडांसकट. "पोलीसभाऊ, दोरी सोडा. स्ट्रेचर आत. अँब्युलन्स इथपर्यंत. तोंडात कोणी काही घालू नका, गिळणार नाही ती. आणि सर, तुम्ही बाजूला व्हा."

"मी तिचा..."

"माहीत आहे. म्हणूनच बाजूला व्हा."

मी झालो. इतक्या वर्षांत पहिल्यांदा मी कोणाच्या हुकमात होतो, आणि करायला काहीच नव्हतं. दवाखान्याच्या मुलीने शीर शोधली, सुई लावली, ग्लुकोज सोडलं. मी एका केळीच्या पानाच्या चिंध्या केल्या. मग दुसऱ्या पानाच्या. तिसऱ्याला हात घातला तेव्हा निरीवरची बोटं हलली.

बायकोने डोळे उघडले. आधी आभाळाकडे बघितलं, मग सुईकडे, मग माझ्याकडे.

"मी बोलले का मध्ये काही?" तिने विचारलं.

"नाही," मी म्हणालो. "एक शब्दही नाही."

"बघा."

होमगार्डबाई बांधावरून खाली आली आणि ताठ उभी राहिली. वहीतला नियम तिला पाठ होता. "पेशंट शुद्धीवर आहे. आता ताबा कोणाला द्यायचा, सर?"

उपअधिकारी आपल्या बुटांना लागलेला चिखल बघत होते. मी घसा साफ केला आणि एक पाऊल पुढे टाकलं.

"ह्यांना देऊ नको," स्ट्रेचरवरून बायको म्हणाली.

होमगार्डबाईने दिला नाही. उरलेले अकरा जखमी तिच्याच हुकमात बाहेर आले, आणि मला तिने बिस्किटांचे पुडे फोडायला बसवलं.