कोठीच्या सीनमधली रखमामावशी

रखमामावशी गेल्याचा फोन बीडच्या दवाखान्यातून आला तेव्हा मी पार्लरमध्ये एका नवरीला मेंदी काढत होते. कोन खाली ठेवला. आणि आठवलं काय, तर तिनं काम केलेला सिनेमा अजून लागायचाय... अगं बाई, आता तिला लोक कोठीवालीच म्हणून बघणार!

पाटोद्यात माझ्या शेजारी तिचं बांगड्यांचं दुकान. तरुणपणी तिला कोठीवर नेऊन बसवलं होतं, तिथून ती जीव मुठीत धरून पळाली. सगळ्या गल्लीला ठाऊक होतं, बोलत कुणी नव्हतं. गेल्या थंडीत पालीच्या धरणाजवळ जुन्या काळातल्या सिनेमाचा सेट लागला. कोठीच्या सीनला म्हाताऱ्या बायका हव्या होत्या, आणि ही निघाली की तयार होऊन! मी भडकले. "कावून जातेस गं? जिथून सुटलीस तिथंच बसायला?"

"अगं, पिक्चरातली कोठी हाय. हितनं संध्याकाळी उठून घरी येता येतंय."

मग मीही सोबत गेले. मावशीला पानाचा डबा देऊन मालकीण म्हणून बसवलं. पुढं नायिका नाचणार, मागं उघड्या पाठीच्या पोरी नुसत्या मांडून ठेवलेल्या. मावशीला वाटलं, कॅमेरा नायिकेकडं वळला म्हणजे आपण त्यात न्हाई. तिनं डबा बाजूला सारला आणि शेजारच्या पोरीच्या पाठीवर आपला पदर ओढला. "आजी, हलू नका!" दिग्दर्शक ओरडला.

"पोरगी कुडकुडतीय, दिसंना का तुमाला?"

सगळे हसले. सीन पुन्हा घेतला, तेव्हा मावशी सांगितल्यासारखी मुकाट बसली. तेच पडद्यावर येणार, ही धास्ती घेऊन परवा मी बीडला थेटरात गेले. बाकी सिनेमा तसलाच, झुंबरं मांडावीत तशा बायका मांडलेल्या. माझा जीव टांगणीला... आणि नायिकेच्या मागं, कोपऱ्यात, एक सुरकुतलेला हात पुढं आला अन् त्या पोरीच्या पाठीवर पदर पडला. पहिल्यांदा घेतलेला, दिग्दर्शक ओरडला तोच सीन ठेवला होता! मला रडू फुटलं, पण इतकं हलकं मला कितीतरी दिवसांत वाटलं नव्हतं.

शूटिंगच्या दिवशीचं तिचं हिरवं लुगडं आता माझ्याकडं आहे. कापून त्याचं गिऱ्हाइकाच्या अंगावर टाकायचं कापड शिवलंय. काल एक नवी सून खुर्चीत बसली, ते खांद्यावर घेतलं आणि म्हणाली, "ताई, लई मऊ हाय हो."

म्हटलं, "हाय. पाठीवर नीट ओढून घे."