तेवीस एप्रिलचं उघडं दार

वर्षातून एक दिवस वोयत्येख घराचं पुढचं दार सकाळपासून सताड उघडं ठेवत. तेवीस एप्रिल. इथे किवींच्या देशात, पामर्स्टन नॉर्थमध्ये, तेव्हा हिवाळा तोंडावर असतो आणि असला बोचरा वारा सुटतो की शहाणी माणसं हीटरला चिकटून बसतात. आम्ही पुण्याहून येऊन त्यांच्या शेजारी नुकतेच राहायला लागलो होतो. म्हाताऱ्याला काही झालं की काय, म्हणून मी धावत गेले. तर हे इस्त्रीचा शर्ट घालून टेबलाशी बसलेले! पुढ्यात खसखस भरलेले गोल पाव, प्लमची कडक दारू आणि छोटे रिकामे ग्लास.

"आलीस? बस," ते म्हणाले.

मी बावळटासारखं हॅपी बर्थडे म्हटलं. ते फिस्कारले, "वाढदिवस मांजरालाही असतो. आज माझ्या नावाचा दिवस आहे."

मग शिकवणी झाली. चेक कॅलेंडरात जवळजवळ प्रत्येक तारखेला एक नाव छापलेलं असतं. त्या दिवशी त्या नावाच्या माणसाकडे लोक आपणहून जातात. त्यांच्या गावात अशा दिवशी दार लावत नसत. आमंत्रण नाही, आठवण करून देणं नाही. मी म्हटलं, "अहो, पण इथे कुणाच्या घरी आहे ते कॅलेंडर? सांगायचं तरी!"

"सांगितल्यावर आले तर ते आले कुठे?"

असा हट्टी माणूस. नावाचा अर्थ मात्र न विचारता सांगायचे. वोय म्हणजे सैन्य, पुढच्या भागाचा अर्थ दिलासा. लढणाऱ्यांना धीर देणारा. हजारेक वर्षांपूर्वी प्रागचा एक बिशप या नावाचा होता, परमुलखात धर्म सांगायला गेला आणि तिथेच मारला गेला. "मीही परमुलखातच मरणार," अडुसष्ट साली प्रागमध्ये परकी रणगाडे घुसले तेव्हा देश सोडलेले वोयत्येख म्हणत, "फक्त मला मारायला कुणाला वेळ नाही." आजोबा वोयत्येख, वडील वोयत्येख. मुलाच्या वेळी किवी बायको म्हणाली, शाळेत पोरं छळतील. म्हणून तो अँड्र्यू झाला. "नाव माझ्यापाशी संपतं," एवढं बोलून ते ग्लास भरायचे.

गल्लीत सगळे त्यांना विक म्हणत. 'विक, स्वीट ॲज!' म्हणजे इथलं 'एकदम झकास!' मी काका म्हणायचे. वडीलधाऱ्या माणसाला नावाने हाक मारायला जीभ वळेना. ते म्हणाले, "काका तुझ्याकडे ढीगभर असतील. वोयत्येख या गल्लीत एकच आहे." मग धीर करून म्हटलं. शेवटचा तो खरखरीत ख गोऱ्यांना जमत नाही, आपल्याला काय कठीण आहे!

आमच्या मुलीच्या, ईराच्या बारशाला ते आले. आत्याने बाळाच्या कानात कुर्र करून नाव सांगितलं, तेव्हा यांनी जोरात टाळ्या वाजवल्या. "बरोबर! आधी तिला, मग लोकांना." लगेच विचारलं, "हिचा दिवस कुठला?" आमच्यात तसं नसतं म्हटल्यावर त्यांचा चेहराच पडला. घरी जाऊन कॅलेंडर घेऊन आले. एक मेला तिथे कामगार दिन होता, नाव नव्हतं. "ही तारीख हिला दिली." महाराष्ट्र दिन तो, मी कशाला नाही म्हणू? तेव्हापासून दर एक मेला आम्ही दार उघडं ठेवलं आणि ते आपल्या झाडाखाली पडलेल्या फिजोआंची, त्या हिरव्या आंबटगोड फळांची, बादली घेऊन आले.

यंदा मार्चमध्ये ते गेले. अंत्यविधीत सुरुवातीपासून शेवटपर्यंत विक, विक चाललं होतं. उठून नाव घ्यावं असं वाटलं, पण उठले नाही. रडूही आलं नाही. घरी येऊन भांडी घासली. तेवीस एप्रिलला त्यांच्या बंद दारापर्यंत गेले आणि परत आले. आत नुसतं बधिर होतं, दाढ काढल्यावर असतं तसं.

एक मेच्या सकाळी गारठ्याने जाग आली. ईराने दार सताड उघडलं होतं आणि शंकरपाळ्यांची ताटली घेऊन समोर बसली होती.

"ईरा, दार लाव. ते आता येणार नाहीत, सांगितलंय ना तुला?"

"आय नो," ती म्हणाली. "बट इट्स माय डे."

मी हीटर वाढवला.

थोड्या वेळाने फाटक वाजलं. अँड्र्यू. वडिलांचं घर आवरायला टौरंगाहून आला होता. "एव्हरीथिंग ओके? दार उघडं दिसलं म्हणून..." हातात बादली होती. फिजोआ झाडाखाली सडत होते, तुम्हाला हवेत का विचारायला निघालो होतो, म्हणाला.

"यू केम! सिट," ईरा म्हणाली. ताटली पुढे करून तिने सांगितलं, आज माझ्या नावाचा दिवस आहे, वोयत्येखनी दिलाय.

"कुणी?"

"वोयत्येख. युअर डॅड."

त्याने म्हणून पाहिलं. नावाच्या शेवटी नुसता क आला. "नो," ती म्हणाली आणि घसा खरवडून दाखवला. तो पुन्हा म्हणाला. मग पुन्हा. बापाचं नाव घशातून नीट निघालं तसा तो खुर्ची ओढून बसला, आणि मी उठून कपाटातून छोटे ग्लास काढले.