दाजी आणि नसलेली बोटं

आमच्या दाजींनी आयुष्यात एकाही माणसाचा चेहरा धड पाहिलेला नाही. ते हात बघतात. माझ्या थोरल्या बहिणीला बघायला आले तेव्हा मान खाली घालून बसले होते. आईला वाटलं, काय लाजाळू स्थळ आहे! प्रत्यक्षात ते पोह्यांची बशी धरलेली ताईची बोटं न्याहाळत होते. दाजी कामगारांच्या अर्थशास्त्राचे प्राध्यापक. चाकणकडे मोठ्या कंपन्यांना सुटे भाग पुरवणाऱ्या पत्र्याच्या शेड आहेत. तिथल्या पत्रा दाबून कापणाऱ्या प्रेस मशीनवर बोटं गमावलेल्या माणसांचं पुढे काय होतं, त्यांना कसलं काम मिळतं, हा त्यांचा जन्मभराचा अभ्यास. बरोबरीचे लोक संगणकासमोर बसून निबंध लिहीत, परदेशी जाऊन येत, विभागप्रमुख होत. दाजी पिंपळे गुरवहून बस बदलत चाकणला जात, शेडबाहेरच्या टपरीवर कामगारांशी बोलत बसत आणि कपड्यांना मशीनच्या तेलाचा वास घेऊन परतत.

प्रेसला दोन बटणं असतात. दोन्ही हात बटणांवर असल्याशिवाय मशीनचा वरचा भाग खाली यायचा नाही, म्हणजे हात आत सापडत नाही. पण माल भराभर निघावा म्हणून काही ठिकाणी एक बटण चिकटपट्टीने कायमचं दाबून ठेवलेलं असतं. हे एकदा बघून आले, तेव्हापासून दाजी लिफ्टचं बटणसुद्धा दोन्ही हातांनी दाबतात. ताईने मिक्सर लावला की बाहेरच्या खोलीतून ओरडतात, "दुसरा हात कुठंय?" शेजारीपाजारी हसायचे. आम्हीही हसायचो.

हसणं पुढे कमी कमी होत गेलं. गेलेलं बोट खाजतं, ठणकतं, असं त्यांना जो तो कामगार सांगायचा. एका परिषदेत त्यांना मजुरीच्या दराबद्दल विचारलं, तर हे त्या खाजेबद्दलच बोलत राहिले. अध्यक्षांनी घंटी वाजवली तरी थांबेनात. "माझं बोट नेमकं गेलं कुठं, असं तो माणूस मला विचारतो हो. मी त्याला काय सांगू?" सभागृहात कुणीतरी हसलं आणि लगेच गप्प झालं.

त्यानंतर कधीतरी दाजींचं स्वतःचंच मधलं बोट गार पडायला लागलं. धडधाकट बोट, पण भर मे महिन्यात हात लावला तरी माठात बुडवून काढल्यासारखं. डॉक्टरांना काही सापडलं नाही. ताई मला म्हणाली, "अरे, भाकरी मोडताना ते बोट वापरतच नाहीत. जसं काही तिथं नाहीच." मधूनच बोलता बोलता ते थांबत, हात छातीशी धरत आणि चाकणच्या दिशेला बघत राहत. विचारलं तर म्हणत, "काही नाही."

मग माझ्या मुलीला, स्नेहाला, बघायला मुलगा आला. लातूरकडचं कुटुंब, मुलगा महेश मोशीला राहणारा, चाकणच्या एका कंपनीत माल तपासायच्या कामावर. आमच्या संत तुकाराम नगरच्या घरात सगळे जमले होते. मी दाजींना बजावलं होतं, "आज फक्त चेहरा बघायचा." बिचारे प्रयत्न करत होते. मुलाचे वडीलच सगळं बोलत होते. महेश डावा हात खिशात घालून गप्प. अचानक दाजींनी कप खाली ठेवला आणि त्या खिशाकडे बघत हळूच विचारलं, "कुठल्या मशीनवर?"

महेशने आधी वडिलांकडे पाहिलं. त्याने हात बाहेर काढला. दोन बोटं अर्ध्यावरच संपलेली.

"आम्ही सांगणारच होतो बघा," वडील पुटपुटले. बायकोने माझ्याकडे पाहिलं. स्थळ मोडल्यातच जमा होतं. दाजी मात्र उठून महेशशेजारी जाऊन बसले.

"बोटं अजून असतात का?"

"असतात, सर. शिफ्ट सुटायच्या वेळेला मूठ आवळतात. मला उघडायची असते, पण जी नाहीतच ती बोटं उघडू कशी?"

एवढं बोलून तो थबकला. दाजीही थबकले. दोघांनी एकाच क्षणी हात छातीशी ओढून घेतला.

"तुम्हालापण?" महेशने विचारलं.

"कुणाचं तरी गेलं," दाजी म्हणाले.

पाहुणे अजून बसलेलेच होते, तेवढ्यात चाकणच्या टपरीवाल्याचा दाजींना फोन आला. त्याच्या टपरीमागच्या शेडमध्ये आत्ताच एकाचा हात प्रेसमध्ये सापडला होता. दाजी तसेच चप्पल घालून निघाले. "सर, मी पण येतो," म्हणत महेश त्यांच्या मागून गेला. दाराशी उभ्या राहिलेल्या स्नेहाने दोघं जिना उतरेपर्यंत पाहिलं आणि आत वळून म्हणाली, "बाबा, मला याच्याशीच लग्न करायचंय." आम्ही पुष्कळ समजावलं. तिने ऐकलं नाही, आणि ऐकलं नाही तेच बरं झालं.

दाजी आता निवृत्त झालेत. त्यांचा अभ्यास कुणी वाचला की नाही, कोण जाणे. रविवारी मात्र ते मोशीला स्नेहा-महेशकडे, स्वतःच्या लेकीजावयाकडे गेल्यासारखे, हक्काने जातात. गेल्या खेपेला मीही होतो. जेवणं झाल्यावर ते आणि महेश गॅलरीत बसले होते.

"आज काही नाही ना, काका?" महेशने विचारलं.

"नाही. आज शेड बंद असतात बऱ्याच."

बोलता बोलताच त्यांची मान कलली. स्नेहा चहा घेऊन आली आणि त्यांना उठवायला वाकली. महेशने तिला हळूच थांबवलं.

"झोपू दे त्यांना," तो म्हणाला. "उद्या सोमवार आहे."